बिनपरवाना भट्टीच्या मागावर

प्रदूषण नियंत्रण मंडळाने एखादा कारखाना बंद करायचा ठरवला, की बंदच्या आदेशाची एक प्रत महावितरणला जाते आणि एक पाणी पुरवणाऱ्या यंत्रणेला. वीज तोडली जाते, यंत्रे थांबतात आणि मालक धावत मंडळाच्या कार्यालयात येतो. कुपवाडच्या किंवा साताऱ्याच्या एमआयडीसीत हा उपाय चालतो. विजेवर चालणाऱ्या खडी क्रशरलाही तो लागू पडतो. कराडपासून सांगलीपर्यंत कृष्णेच्या काठाने लागणाऱ्या वीटभट्ट्यांपुढे मात्र तो थांबतो, कारण हाताने वीट पाडणाऱ्या भट्टीला वीजजोडणी लागतच नाही. पाणी नदीचे किंवा विहिरीचे, उपसायला डिझेलचे इंजिन. तोडायचे काय आणि कोणाला पत्र पाठवायचे?

या प्रश्नाचे मूळ शोधायचे तर प्रदूषणाच्या परवान्याचा, म्हणजे मंडळाच्या भाषेत संमतीपत्राचा, माग काढावा लागतो. हा कागद कुठून आला, तो कोणासाठी तयार झाला आणि ज्याने तो कधी मागितलाच नाही त्याच्यापर्यंत कायद्याचा हात कोणत्या वाटेने जातो, हे पाहिले की आजच्या कारवायांचे अपुरेपण उलगडते.

आधी भट्टी जवळून पाहू. दिवाळीनंतर नदीचे पाणी उतरते आणि काठावरची मळीची माती उकरली जाते. त्यात भाताचे तूस, उसाचा भुसा किंवा राख मिसळून चिखल तुडवतात, साच्यात वीट पाडतात आणि उन्हात वाळवतात. वाळलेल्या कच्च्या विटांची मग रास रचतात. तळाशी जाळासाठी बोळ ठेवायचे, थराथरात कोळशाची भुकटी पसरायची आणि बाहेरून चिखलाने लिंपून टाकायचे. एकदा पेटवली की रास दिवसेंदिवस आतल्या आत धुमसत राहते. मधली वीट पक्की निघते, जाळाजवळची वितळून खंगर होते, कडेची पिवळी राहते. धूर रासेच्या सगळ्या अंगाने बाहेर पडतो, कारण या भट्टीला धुराडेच नसते. पावसाळ्यापूर्वी माल विकला जातो, रास संपते आणि जागा मोकळी होते. पुढच्या हंगामात भट्टी शेजारच्या रानात लागते. तक्रार एका गट क्रमांकाची असते आणि पाहणीला अधिकारी येईपर्यंत तिथे खड्ड्याशिवाय काही उरलेले नसते.

घाण करणाऱ्या धंद्याला जागा ठरवून देण्याची रीत आपल्याकडे कायद्याच्या फार आधीची आहे. कातडे कमावण्याचे कुंड गावकुसाबाहेर असत, कुंभाराची भट्टी गावाच्या कडेला. ही व्यवस्था जातीने ठरवलेली होती. धूर आणि दुर्गंधी गावाच्या नाकापासून दूर ठेवली गेली ती ज्यांना बोलायचा अधिकार नव्हता त्यांच्या घराशेजारी. आजही भट्टीच्या धुरात सर्वांत जास्त वेळ असतो तो उचल घेऊन आलेला, भट्टीशेजारी पालात राहणारा मजूर. तक्रारीच्या अर्जावर त्याची सही मला कधी दिसली नाही.

धंदा सुरू करण्याआधी सरकारची लेखी मंजुरी घ्यायची, या पद्धतीचा ठळक पूर्वज सापडतो तो फ्रान्समध्ये. 15 ऑक्टोबर 1810 रोजी नेपोलियनच्या राजवटीत एक फर्मान निघाले. आरोग्याला अपायकारक किंवा दुर्गंधी पसरवणाऱ्या कारखान्यांचे त्याने तीन वर्ग पाडले. पहिल्या वर्गातला कारखाना वस्तीपासून लांबच हवा आणि मंजुरीशिवाय कुठलाच कारखाना सुरू होता कामा नये. आपल्या मंडळाच्या लाल, नारंगी, हिरव्या वर्गवारीचे मूळ तिथपर्यंत जाते. इंग्लंडने 1863 मध्ये अल्कली कायदा केला, कारखान्यांची नोंदणी सक्तीची केली आणि तपासणीला निरीक्षक नेमला.

हिंदुस्थानात मात्र इंग्रजांनी आधी दुसरीच वाट धरली. 1860 ची दंड संहिता 1862 पासून लागू झाली. तिच्या चौदाव्या प्रकरणात सार्वजनिक उपद्रवाचे गुन्हे आले. कलम 277 सार्वजनिक झऱ्याचे किंवा तळ्याचे पाणी घाण करण्याचे, कलम 278 हवा आरोग्याला अपायकारक करण्याचे. 278 ची शिक्षा होती पाचशे रुपयांपर्यंत दंड. 1860 चे पाचशे रुपये म्हणजे मोठी रक्कम. पण हा आकडा 30 जून 2024 पर्यंत तसाच राहिला. 1 जुलै 2024 पासून भारतीय न्याय संहितेच्या कलम 280 ने तो हजार केला. एकशे बासष्ट वर्षांत हवा बिघडवण्याची किंमत पाचशे रुपयांनी वाढली, हे वाचून संताप येतो आणि तो यावाच.

या दंडाच्या जोडीला फौजदारी प्रक्रिया संहितेत एक जास्त धारदार हत्यार होते. 1898 च्या संहितेत त्याचे कलम 133 होते, 1973 च्या नव्या संहितेतही तोच क्रमांक राहिला, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ते 152 आहे. एखादा धंदा लोकांच्या आरोग्याला किंवा सुखसोयीला बाधक आहे, असे दंडाधिकाऱ्याला पोलिसांच्या अहवालावरून किंवा इतर माहितीवरून दिसले, तर तो धंदा थांबवा, हलवा किंवा त्याला शिस्त लावा, असा सशर्त आदेश तो काढू शकतो. धंदेवाल्याला हजर होऊन बाजू मांडता येते. या कलमात परवाना हा शब्दच येत नाही. धंदा परवान्याचा आहे की बिनपरवान्याचा, हे विचारायचे कारणच नाही. हे लक्षात ठेवा, कारण पुढे आपल्याला इथेच परत यायचे आहे.

सातारा-सांगलीच्या बाबतीत एक गुंता होता. 1848 मध्ये साताऱ्याचे राज्य खालसा झाले आणि तिथे इंग्रजी कायदा आला. पण सांगली, मिरज, जत, औंध, फलटण ही संस्थाने राहिली. एकाच कृष्णेच्या दोन काठांवर दोन सरकारे असत. किर्लोस्करवाडीचा कारखाना 1910 मध्ये औंध संस्थानाच्या हद्दीत उभा राहिला. संस्थानिकाने उद्योजकाला जमीन देऊन बोलावून घेतले. त्या काळी चिमणीतून निघणारा धूर हा भाग्योदय मानला जाई आणि त्यात नवल नाही. 1912 चा मुंबईचा धूर उपद्रव कायदा मुख्यतः शहरातल्या गिरण्यांच्या चिमण्यांसाठी होता. 1948 मध्ये दक्षिणेतली ही संस्थाने मुंबई राज्यात विलीन झाली, 1949 मध्ये उत्तर सातारा आणि दक्षिण सातारा असे दोन जिल्हे झाले आणि 1960 मध्ये दक्षिण साताऱ्याचे नाव सांगली पडले. नदी एकच राहिली, पण आजही सातारा जिल्हा प्रदूषण मंडळाच्या पुणे प्रादेशिक कार्यालयाखाली येतो आणि सांगली कोल्हापूरच्या. हद्दीवरची भट्टी ओढ्यापलीकडे सरकली की फाइलही दुसऱ्या कार्यालयात सरकते.

संमतीपत्र आपल्या घरात आले ते 1969 च्या महाराष्ट्र जलप्रदूषण प्रतिबंधक कायद्याने. केंद्राने असा कायदा करण्याआधी महाराष्ट्राने तो केला होता आणि 7 सप्टेंबर 1970 रोजी मंडळही स्थापन केले होते. याचा अभिमान वाटायला हवा. 1974 मध्ये केंद्राचा जल कायदा आला आणि 1 जून 1981 पासून महाराष्ट्राने तो स्वीकारला. त्याच वर्षी हवा कायदा झाला. 2 मे 1983 पासून राज्याचे काही निवडक भाग हवा प्रदूषण नियंत्रण क्षेत्र म्हणून जाहीर झाले आणि सबंध महाराष्ट्र त्यात आला तो थेट 6 नोव्हेंबर 1996 रोजी. हवा कायद्यातली संमतीची अट अशा जाहीर झालेल्या क्षेत्रालाच लागू होते. म्हणजे राज्यातल्या कुठल्याही गावच्या भट्टीवाल्याला हवा कायद्याचा कागद दाखव असे म्हणण्याचा अधिकार सरकारकडे आला, त्याला जेमतेम तीस वर्षे होत आहेत.

या सगळ्या कायद्यांची बांधणी अर्जावर झाली. उद्योजकाने अर्ज करायचा, मंडळाने तपासणी करायची, अटी घालायच्या, मुदत ठरवायची. उभारणीपूर्वी एक संमती, उत्पादन सुरू करताना दुसरी, मग नूतनीकरण. जो अर्ज करतो त्याची फाइल उघडते. फाइल उघडली की वर्गवारी, तपासणीचे वेळापत्रक, नमुने, सुनावणी, सगळे त्यामागून येते. जो अर्जच करत नाही त्याची फाइल नसते. कायद्यात त्याला शिक्षा आहे आणि ती कडक आहे. जल कायद्याच्या कलम 44 खाली संमतीशिवाय धंदा चालवणाऱ्याला दीड ते सहा वर्षे कैद, अशी तरतूद 1988 च्या दुरुस्तीने केली. पण आधी तो कुठे आहे हे मंडळाला कळायला हवे. कागदपत्रे नियमित ठेवणाऱ्या छोट्या कारखानदाराच्या दारात निरीक्षक पोहोचतो आणि ज्याने मंडळाचे दार कधी पाहिले नाही तो निवांत राहतो. हा अन्याय कारखानदार बोलून दाखवतात आणि त्यांचे खरे आहे.

भोपाळच्या वायुदुर्घटनेने कायद्याला धार दिली. 1984 च्या त्या रात्रीनंतर 1986 चा पर्यावरण संरक्षण कायदा झाला आणि त्याच्या कलम 5 ने धंदा बंद करण्याचा थेट अधिकार सरकारला मिळाला. 1987 मध्ये हवा कायद्यात 31 अ आणि 1988 मध्ये जल कायद्यात 33 अ ही कलमे घातली गेली. त्याआधी मंडळाला बंदीसाठी न्यायालयात जावे लागे. आता ते स्वतः आदेश काढू शकते, वीज-पाणी तोडायला लावू शकते. त्याच दुरुस्त्यांनी सामान्य नागरिकालाही साठ दिवसांची नोटीस देऊन न्यायालयात फिर्याद करण्याची वाट मोकळी केली. ही कलमे लिहिताना कायदा करणाऱ्यांच्या डोळ्यांपुढे भोपाळसारखा कारखाना होता, ज्याला कुंपण आहे, मीटर आहे, नळजोडणी आहे. धुमसणारी विटांची रास त्यांच्या डोळ्यांपुढे नव्हती.

संमतीशिवाय चालणाऱ्या धंद्यावरचा सर्वांत मोठा निकाल राजस्थानातला आहे. उदयपूरजवळच्या बिछडी गावात एच-आम्ल नावाचे रसायन बनवणारे कारखाने आवश्यक परवानगी नसताना सुरू झाले. त्यांच्या गाळाने गावच्या विहिरींचे पाणी लाल-काळे झाले. 13 फेब्रुवारी 1996 रोजी सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की ज्याने घाण केली, साफ करण्याचा खर्च त्याचाच. कारखान्यांनी अर्जांमागून अर्ज केले. अखेर जुलै 2011 मध्ये न्यायालयाने 37.385 कोटी रुपये चक्रवाढ व्याजासह भरायला सांगितले. निकाल आणि वसुलीचा हुकूम यांत पंधरा वर्षे गेली. विहिरींनी तेवढा काळ काय सोसले असेल, याचा हिशेब कुठल्याही निकालपत्रात मांडता येत नाही.

बिछडीच्या या तत्त्वाला 2019 मध्ये हिशेबाचे रूप आले. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने पर्यावरण नुकसानभरपाईचे सूत्र तयार केले. प्रदूषणाचा निर्देशांक, उल्लंघनाचे दिवस, रुपयांचा गुणक, धंद्याचा आकार आणि जागेचा गुणक, यांचा गुणाकार करायचा. वीटभट्टी नारंगी वर्गात येते, तिचा निर्देशांक 50. गुणक 250 धरला, लहान धंद्याचा आकार 0.5 आणि जागेचा गुणक 1, तर दिवसाला 6250 रुपये होतात. सहा महिन्यांच्या हंगामाचे 180 दिवस धरले तर 11 लाख 25 हजार. 278 कलमाच्या पाचशे रुपयांशेजारी ही रक्कम ठेवून पाहा. मंडळांना अशी भरपाई बसवण्याचा अधिकार आहे का, यावर बरीच वर्षे वाद होता. 4 ऑगस्ट 2025 रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो 33 अ आणि 31 अ या कलमांतच आहे, मात्र त्यासाठी नियम करून पद्धत पाळा, असे सांगितले. आकडा आता आहे. पण तो लावायला दिवस मोजावे लागतात आणि भट्टी कोणत्या दिवशी पेटली याची नोंद असावी लागते.

वीटभट्ट्यांसाठी केंद्राने 22 फेब्रुवारी 2022 रोजी वेगळे नियम काढले. नवी भट्टी झिगझॅग किंवा उभ्या शाफ्टची हवी, नाहीतर इंधन नळाच्या गॅसचे. वस्तीपासून आणि फळबागेपासून 800 मीटर अंतर, दोन भट्ट्यांत एक किलोमीटर. टायर, प्लास्टिक, पेटकोक जाळायला बंदी. हवेच्या शुद्धतेची ठरलेली पातळी न गाठलेल्या शहरांच्या दहा किलोमीटर परिसरातल्या जुन्या भट्ट्यांना बदलायला एक वर्ष, इतरांना दोन वर्षे. राष्ट्रीय स्वच्छ हवा कार्यक्रमातल्या अशा शहरांच्या यादीत सांगली आहे, सातारा नाही. तेव्हा सांगलीभोवतीची मुदत फेब्रुवारी 2023 मध्येच संपली. द्राक्षबागांच्या पट्ट्यात 800 मीटरची अट किती मोलाची आहे, हे मिरज-तासगावच्या बागायतदाराला सांगायला नको. पण याच नियमांत धुराड्याची उंची आहे, धुराड्यातल्या कणांची मर्यादा आहे, मोजणीसाठी धुराड्याला भोक आणि उभे राहायला माच ठेवण्याची सक्ती आहे. आपल्या काठावरच्या रासेला धुराडेच नाही. मोजणी कुठे करायची?

मग प्रत्यक्षात भट्टीपर्यंत कोण पोहोचते? तहसीलदार, मंडल अधिकारी, तलाठी. कारण मातीवर सरकारचे स्वामित्वधन आहे, ज्याला सगळे रॉयल्टी म्हणतात. जमीन महसूल संहिता 1966 च्या कलम 48 खाली विनापरवाना माती उचलली तर बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होतो, वाहने जप्त होतात. महसूल खात्याचा माणूस शिवारात फिरतो. पारंपरिक कुंभारांना ठरावीक ब्रासपर्यंत माफी असते, तिचीही नोंद त्याच्याकडे असते. कोणत्या गटात किती खड्डा पडला हे तलाठ्याला ठाऊक असते. सरकारने माती ब्रासने मोजली, पावती फाडली आणि त्याच मातीच्या विटा भाजताना निघणारा धूर दुसऱ्या खात्याचा म्हणून सोडून दिला. रॉयल्टी भरली म्हणजे भट्टी कायदेशीर झाली, असा समज त्यामुळेच पसरला. मालक पावती दाखवतो आणि ती खरी असते. फक्त ती मातीची असते.

हे दुखणे भट्ट्यांपुरते नाही. खानापूर, आटपाडी, तासगावचे गलाई बांधव देशभर सोने-चांदी गाळण्याच्या धंद्यात आहेत. आपल्या कष्टाळू माणसांनी हा धंदा हिमतीने वाढवला. पण सोने शुद्ध करताना लागणाऱ्या नायट्रिक आम्लाची तांबूस पिवळी वाफ दाट वस्तीत सोडली जाते. मुंबईत काळबादेवी, झवेरी बाजारात महापालिकेने अशी धुराडी काढली. आणि खुद्द सांगलीत शेरीनाल्याचे सांडपाणी कित्येक वर्षे कृष्णेत मिसळते आहे. ते धुळगावकडे नेऊन शेतीला देण्याची योजना झाली, तरी नाला नदीला मिळायचा राहिलेला नाही. भट्टीवाला विचारतो, पालिकेचे चालते मग माझे का नाही? हा प्रश्न पळवाट म्हणून विचारला जात असेल, तरी त्याचे उत्तर द्यायची जबाबदारी सरकारवर आहेच.

माझे म्हणणे असे. लहान भट्टीवाला गुन्हेगार म्हणून जन्माला आलेला नाही. त्याला संमतीचा अर्ज कठीण वाटतो, झिगझॅग भट्टीचा खर्च एकट्याला पेलत नाही. पाच-दहा जणांनी मिळून एक सुधारलेली भट्टी उभारली तर सरकारने कर्ज, जागा आणि एकत्र संमती द्यावी. कुंभाराच्या चार हजार विटा आणि ठेकेदाराच्या चार लाख विटा एका तराजूत तोलू नयेत. पण टायर जाळणाऱ्याला, शाळेशेजारी रास रचणाऱ्याला, दर हंगामाला गट बदलून निसटणाऱ्याला दयामाया नको. त्याच्यासाठी नवा कायदा लागत नाही. 2003 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मध्य प्रदेशातल्या चामडे आणि मद्य कारखान्यांच्या खटल्यात स्पष्ट सांगितले आहे की जल आणि हवा कायदे आले म्हणून कलम 133 संपलेले नाही. तेच आज 152 आहे. प्रांताधिकारी त्याखाली नोटीस काढू शकतात. त्यासाठी मंडळाकडे फाइल असावी लागत नाही, वीजजोडणी असावी लागत नाही, धुराड्याला भोकही असावे लागत नाही.

तेव्हा कृष्णाकाठच्या गावकऱ्यांना विनंती आहे. दिवाळीआधीच्या ग्रामसभेत दोन याद्या मागा. एक, आपल्या गावात वीटमातीची रॉयल्टी भरणाऱ्यांची आणि माफी घेणाऱ्यांची, तहसील कार्यालयातून. दुसरी, संमतीपत्र असलेल्या भट्ट्यांची, प्रदूषण मंडळाच्या सांगली किंवा सातारा उपप्रादेशिक कार्यालयातून. कुणी देत नसेल तर माहिती अधिकारात अर्ज करा. दोन्ही शेजारी ठेवा. पहिल्या यादीत असून दुसरीत नसलेली नावे लिहून काढा, प्रत्येकापुढे गट क्रमांक आणि जवळच्या घराचे, शाळेचे, बागेचे अंतर मांडा आणि ठराव करून प्रांताधिकाऱ्यांकडे कलम 152 खाली अर्ज द्या. भट्टी पेटण्याआधी द्या. पेटल्यावर दिलेला अर्ज पावसाळ्यापर्यंत टेबलावरच राहतो.